कोच गावची गाडी

हंगेरीत, बुडापेस्टपासून पश्चिमेला साधारण सत्तर किलोमीटरवर, व्हिएन्नाकडे जाणाऱ्या जुन्या हमरस्त्यावर एक लहानसं गाव आहे. त्याचं नाव कोच. हंगेरियन माणूस ते नाव जसं उच्चारतो, त्याच्याशी मराठी तोंडातला ‘कोच’ इंग्रजाच्या उच्चारापेक्षा जास्त जुळतो. पंधराव्या शतकात, राजा मात्याश कोर्व्हिनसच्या काळात, इथले सुतार आणि चाकं घडवणारे कारागीर हलक्या, वेगवान घोडागाड्या बनवण्यासाठी नावाजले होते. हंगेरियन भाषेत गावाच्या नावाला शेवटी ‘इ’ जोडली की ‘त्या गावचं’ असा अर्थ होतो. पैठणची ती पैठणी आणि कोल्हापूरची ती कोल्हापुरी, तशी कोचची गाडी ती ‘कोची’.

तोवर युरोपातली चारचाकी गाडी म्हणजे माल वाहणारं अवजड धूड. श्रीमंत पुरुष घोड्यावरून जात. गाडीत बसायचं ते आजाऱ्यांनी, म्हाताऱ्यांनी आणि बायकांनी. कोचच्या कारागिरांनी गाडीचं वजन उतरवलं. लाकडी फळ्यांच्या जागी वेताने विणलेल्या बाजू आल्या, पुढची चाकं लहान आणि मागची मोठी झाली आणि ओढायला तीन-चार घोडे जोडले जाऊ लागले. व्हिएन्ना ते बुडा या रस्त्यावर ठरावीक टप्प्यांवर घोडे बदलत या गाड्या धावत. सिगिस्मुंड फॉन हेर्बरश्टाइन हा ऑस्ट्रियाच्या दरबाराचा मुत्सद्दी १५१८ मध्ये हंगेरीत आला होता. या गाड्यांना त्या गावावरून नाव पडल्याचं त्याने लिहून ठेवलं आहे.

गाडी जिथे गेली तिथे नाव सोबत घेऊन गेली. जर्मनांनी तिला कुत्शे केलं, इटालियनांनी कोक्यो, फ्रेंचांनी कोश, स्पॅनिश लोकांनी कोचे. स्पेनमध्ये आज कोचे म्हणजे मोटार आणि खुद्द हंगेरीतही कोची म्हणजे मोटारच. घोडे कधीच गेले, गावाचं नाव मात्र चाकांना चिकटून राहिलं. इंग्रजीत हा शब्द सोळाव्या शतकाच्या मध्याला पोचला. तिथून पुढे त्याने जे काही केलं, ते या बाकीच्या कोणत्याही भाषेत घडलं नव्हतं.

वॉल्टर रिपन नावाच्या कारागिराने १५५५ मध्ये रटलंडच्या अर्लसाठी इंग्लंडमधली पहिली कोच बांधली असं सांगतात. १५६४ मध्ये गिलियम बूनेन हा डच माणूस पहिल्या एलिझाबेथ राणीचा गाडीवान झाला आणि त्यानेच इंग्लंडमध्ये कोचचा वापर रूढ केला, असं जॉन स्टो या इतिहासकाराने नोंदवलं आहे. सरदारांच्या बायकांना हेवा वाटला आणि बघता बघता प्रत्येक घराण्याला आपली कोच हवीशी झाली. लंडनच्या बोळांत कोंडी होऊ लागली. १६०१ मध्ये कोचच्या अतिवापराला आळा घालणारं विधेयक पार्लमेंटमध्ये आलं, ते फेटाळलं गेलं. सर्वांत जास्त चिडले ते टेम्स नदीतले नावाडी. तोवर लंडनमध्ये इकडून तिकडे जायचं तर लोक नावेने जात. आता गिऱ्हाईक चाकांवर पळू लागलं. जॉन टेलर हा कवी स्वतः नावाडी होता. त्याने १६२३ मध्ये कोचविरुद्ध एक पुस्तिकाच लिहिली. धंदा बुडणाऱ्या माणसाचा तो राग आहे, आणि रिक्षावाला विरुद्ध ॲपवाली टॅक्सी हे भांडण पाहिलेल्या कुणालाही तो समजेल. टेलरच्या रागाचा काही उपयोग झाला नाही. १६३४ मध्ये स्ट्रँड रस्त्यावर चार भाड्याच्या गाड्यांचा अड्डा सुरू झाला आणि १६७७ मध्ये कोच बांधणाऱ्या कारागिरांच्या संघाला दुसऱ्या चार्ल्स राजाची सनद मिळाली.

या शब्दाचं राजेशाही रूप आजही जिवंत आहे. १७६२ मध्ये बांधलेली, सोन्याचा मुलामा दिलेली, चार टन वजनाची राजकोच ओढायला आठ घोडे लागतात. २०२३ मध्ये तिसरे चार्ल्स राज्याभिषेकानंतर तिच्यातूनच राजवाड्यावर परतले.

पण शब्दाला खरी गती दिली ती टपालाने.

अठराव्या शतकात इंग्लंडची टपाल घोड्यावरून पोऱ्ये नेत. ती रेंगाळे, वाटेत लुटली जाई. ब्रिस्टलहून लंडनला पत्र पोचायला अडतीस तासांपर्यंत वेळ लागे. बाथ शहरात जॉन पामर नावाचा एक नाटकगृहाचा मालक होता. बाथ आणि ब्रिस्टल अशी त्याची दोन नाटकगृहं आणि त्यांच्यात नट-नट्या, कपडे, पडदे यांची नेआण करायला त्याने जलद कोच ठेवल्या होत्या. नाटक वेळेवर पोचतं तर पत्र का पोचू नये, हा त्याचा प्रश्न. टपाल खात्यातल्या अधिकाऱ्यांना ही कल्पना मुळीच पटली नाही, पण पंतप्रधान विल्यम पिट याने तिला पाठिंबा दिला. २ ऑगस्ट १७८४ रोजी दुपारी चार वाजता ब्रिस्टलहून पहिली टपाल-कोच सुटली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आठच्या सुमारास लंडनला पोचली. सोळा तास.

या टपाल-कोचवर मागे एक गार्ड उभा असे. गाडीवर टपाल खात्याचा नोकर असा तो एकटाच. घोडे आणि गाडीवान ठेकेदाराचे. गार्डजवळ दोन पिस्तुलं, एक रुंद तोंडाची बंदूक, एक लांब शिंग आणि पेटीत कुलूपबंद केलेलं एक घड्याळ. शिंग वाजलं की जकातनाक्याचं फाटक आधीच उघडं ठेवावं लागे, कारण टपाल कोणत्याही नाक्यावर थांबत नसे आणि जकात भरत नसे. घड्याळाची गोष्ट तर आणखी नवलाची. त्या काळी प्रत्येक गावाची वेळ त्या गावाच्या सूर्यावर ठरे. ब्रिस्टलची दुपार लंडनच्या दुपारनंतर सुमारे दहा मिनिटांनी होई. म्हणून गाडीच्या दिशेप्रमाणे हे घड्याळ मुद्दाम किंचित पुढे किंवा मागे पळेल असं लावून दिलेलं असे. रेल्वेने सगळ्या देशावर एक वेळ लादण्याआधी अर्धशतक, हलत्या गाडीत हा हिशेब चालू होता.

आज मराठी माणूस सहज वापरतो ते कितीतरी शब्द या कोचच्या अड्ड्यांवर वाढले. प्रवाशाचं नाव अड्ड्यावरच्या वहीत, म्हणजे बुकात लिहायचे, म्हणून ते बुकिंग. गार्ड हा शब्दही टपाल-कोचवरून उतरून रेल्वेत चढला. मॅकॅडमच्या पद्धतीचे खडीचे रस्ते झाले, तेव्हा कोचचा वेग आणखी वाढला. अठराव्या शतकाच्या मध्याला लंडनहून एडिंबरोला जायला दहा-बारा दिवस लागत. १८३० च्या दशकात तेच अंतर दोन दिवसांच्या आत कापलं जाऊ लागलं. माणूस जमिनीवरून जितक्या वेगाने सामानासह जाऊ शकतो, त्याची ही परमावधी आहे असं तेव्हा वाटत होतं.

आणि नेमक्या त्याच दशकात रेल्वेने घोड्यांचा घास घेतला. लिव्हरपूल-मँचेस्टर मार्ग १८३० मध्ये सुरू झाला. रेल्वेचे डबे बांधायचे कुणी? अर्थातच कोच बांधणाऱ्यांनी. सुरुवातीचा पहिल्या वर्गाचा डबा म्हणजे एकाच चौकटीवर शेजारी शेजारी बसवलेल्या तीन कोच दिसत. खिडक्यांची कमान तीच, सामान टपावर तसंच आणि गार्डही वर उघड्यावर बसलेला. लंडनहून निघणारी शेवटची टपाल-कोच १८४६ मध्ये बंद झाली. तोवर नाव रेल्वेच्या अंगावर रंगून गेलं होतं. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला चौदा डब्यांत चारशे पाहुणे घेऊन गाडी निघाली, तेव्हा मराठीने मात्र स्वतःचा ‘डबा’ पसंत केला. लोकलचा तो आजही डबाच आहे. लांब पल्ल्याच्या गाडीत आरक्षण आलं, फलाटावर ‘कोच पोझिशन’चे फलक लागले आणि मग ‘आपला कोच कुठे येतो?’ हा प्रश्न मराठीत रुळला.

घोड्याची कोच वेगाच्या शिखरावर होती आणि मरणाच्या दारातही होती, त्या १८३० च्या दशकातच ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या विद्यार्थ्यांनी या शब्दाला एक नवा अर्थ दिला. पैसे घेऊन परीक्षेची तयारी करून घेणारा खासगी शिक्षक म्हणजे कोच. आपण फक्त बसायचं, हा आपल्याला परीक्षेच्या गावी पोचवणार. तरुण पोरांची ती बोली होती, थोडी थट्टेची, थोडी कृतज्ञतेची. त्या पिढीने पाहिलेलं सर्वांत जलद, सर्वांत भरवशाचं वाहन तेच होतं. दहा वर्षांनी ही उपमा सुचली असती तर आज क्रिकेटच्या संघाला कदाचित ‘इंजिन’ नेमावं लागलं असतं.

या अर्थाने मूळ धरलं ते केंब्रिजच्या गणितात. तिथली गणिताची परीक्षा, ट्रायपॉस, म्हणजे विद्वत्तेची कुस्तीच. १८५४ मध्ये ती आठ दिवस चालली. सोळा प्रश्नपत्रिका, साडेचव्वेचाळीस तास, दोनशे अकरा प्रश्न. परीक्षा जानेवारीच्या कडाक्याच्या थंडीत. नंतर निकाल लागे तो गुणांच्या क्रमाने, पहिल्यापासून शेवटच्यापर्यंत. पहिल्या वर्गात येणारे सगळे ‘रँग्लर’ आणि त्यांतला पहिला तो ‘सीनियर रँग्लर’. त्याचं नाव देशभरच्या वर्तमानपत्रांत झळके आणि महाविद्यालयात फेलोची जागा, धर्मखात्यातलं पद, वकिलीतली कारकीर्द अशी दारं त्या एका यादीवरून उघडत. महाविद्यालयांतली व्याख्यानं मात्र या शर्यतीच्या मानाने फारच संथ होती. रँक हवी तर बाहेर पैसे मोजून शिकायचं, हे सगळ्यांनी गृहीत धरलं होतं. आपल्याकडे दहावीनंतर ‘क्लास कुठला लावला?’ हा प्रश्न जसा विचारला जातो, तसा केंब्रिजमध्ये ‘तुझा कोच कोण?’ हा प्रश्न होता.

विल्यम हॉपकिन्स या कोचांमधला पहिला मोठा माणूस. तो सफकमधला शेतकरी. शेती तोट्यात गेली, बायको वारली, कर्ज झालं. जमीन विकून तो वयाच्या तिशीच्या सुमारास, पोरसवदा मुलांच्या शेजारी, केंब्रिजच्या पीटरहाउसमध्ये शिकायला बसला. १८२७ मध्ये सातवा रँग्लर झाला. इतक्या वरच्या क्रमांकाने पास झालेल्या माणसाला महाविद्यालयात फेलोची जागा मिळायला हवी होती, पण फेलो अविवाहित असावा असा नियम होता आणि हॉपकिन्सने दुसरं लग्न केलं होतं. पोटासाठी त्याने शिकवण्या धरल्या. १८४९ पर्यंत त्याच्या शिष्यांतून सतरा सीनियर रँग्लर निघाले. जॉर्ज स्टोक्स, आर्थर केली, पुढे लॉर्ड केल्व्हिन झालेला विल्यम थॉमसन आणि जेम्स क्लार्क मॅक्सवेल, सगळे त्याच्या खोलीत बसून शिकले. एकोणिसाव्या शतकातलं ब्रिटिश भौतिकशास्त्र या एका शिकवणीतून गेलं असं म्हटलं तर ती अतिशयोक्ती ठरणार नाही.

हॉपकिन्स केवळ पेपर सोडवून घेणारा नव्हता, याचा एक पुरावा फार बोलका आहे. नॉटिंगहॅमच्या जॉर्ज ग्रीन या पिठाच्या गिरणीवाल्याने १८२८ मध्ये विजेच्या गणितावर एक निबंध स्वतःच्या खर्चाने छापला होता. तो कुणी वाचला नाही आणि ग्रीन १८४१ मध्ये वारला. तरुण थॉमसन हा निबंध शोधून थकला होता. १८४५ च्या जानेवारीत परीक्षा संपवून तो पॅरिसला निघाला, तेव्हा त्याने आपल्या कोचपाशी सहज विषय काढला. हॉपकिन्सकडे त्या निबंधाच्या प्रती होत्या. त्याने त्या शिष्याच्या हातात ठेवल्या. थॉमसनने तो निबंध पॅरिसमध्ये गणितज्ञांना दाखवला, पुढे पुन्हा छापून आणला आणि आज भौतिकशास्त्राचा प्रत्येक विद्यार्थी ग्रीनचं नाव शिकतो. परीक्षा संपल्यावर दिलेलं हे पुस्तक होतं. त्याला एकही गुण नव्हता.

त्यानंतर आला एडवर्ड राउथ. १८५४ च्या ट्रायपॉसमध्ये हा पहिला आला आणि मॅक्सवेल दुसरा. १८५५ ते १८८८ या काळात राउथने सहाशेहून जास्त विद्यार्थ्यांना तयार केलं आणि त्यांतले सत्तावीस जण सीनियर रँग्लर झाले. त्याच्या वर्गाची पद्धत आजच्या कुठल्याही क्लासचालकाला ओळखीची वाटेल. सारख्या ताकदीच्या आठ-दहा मुलांची एक तुकडी, एक तास ठोक, ना एक मिनिट जास्त ना कमी. दर आठवड्याला सगळ्या तुकड्यांना एकच अवघड प्रश्नपत्रिका आणि तिचे गुण सगळ्यांना दिसतील असे लावलेले. सगळा अभ्यासक्रम ठरलेल्या आवर्तनांत बसवलेला आणि शेवटी उजळणी. ‘टेस्ट सिरीज’ हा शब्द नवा असेल, गोष्ट नवी नाही. राउथ निवृत्त झाला तेव्हा शिष्यांनी त्याचं तैलचित्र काढून घेऊन त्याच्या पत्नीला भेट दिलं.

या यादीने एकदा स्वतःचीच पंचाईत करून घेतली. १८९० मध्ये न्यूनहॅम कॉलेजची फिलिपा फॉसेट परीक्षेला बसली. स्त्रियांच्या मताधिकारासाठी झगडणाऱ्या मिलिसेंट फॉसेट यांची ती मुलगी. तिचा कोच होता अर्नेस्ट हॉब्सन. मुलींना परीक्षा देता येई, पण पदवी नाही आणि पुरुषांच्या यादीत क्रमांकही नाही. त्यांचं स्थान फक्त वेगळं वाचून दाखवत. फॉसेटच्या नावापुढे वाचलं गेलं, ‘सीनियर रँग्लरच्या वर’. सभागृहात एकच जल्लोष झाला. केंब्रिजने स्त्रियांना पूर्ण पदवी द्यायला मात्र १९४८ साल उजाडलं.

आणि १८९९ मध्ये या यादीच्या माथ्यावर एक मराठी नाव आलं. दापोली तालुक्यातल्या मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे फर्ग्युसन कॉलेजात शिकून सरकारी शिष्यवृत्तीवर १८९६ मध्ये केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजात गेले होते. जॉर्ज बर्टविसल या इंग्रज विद्यार्थ्याबरोबर ते पहिल्या क्रमांकाचे विभागून मानकरी ठरले. सीनियर रँग्लर होणारे ते पहिले भारतीय. कोकणातल्या खेड्यातल्या मुलाने साम्राज्यातली सर्वांत अवघड मानलेली परीक्षा जिंकली, याचा आनंद टिळकांच्या आणि गोखल्यांच्या पुण्याला किती झाला असेल! परदेशातल्या नोकरीचा विचार न करता परांजपे दिलेल्या शब्दाप्रमाणे फर्ग्युसनमध्ये शिकवायला परतले आणि पुढे दीर्घकाळ तिथले प्राचार्य राहिले. त्यांच्या नावामागे लागलेलं ‘रँग्लर’ हे बिरुद मराठी माणसाने सव्वाशे वर्षं जपलं. पुढे गणेश सखाराम महाजनी यांनाही ‘रँग्लर महाजनी’ म्हटलं गेलं. रँग्लर म्हणजे मुळात वाद घालणारा, भांडणारा. मराठीत त्याचा अर्थ थेट ‘गणितातला महापुरुष’ असा झाला.

परांजपे पहिले आले तेव्हा ही व्यवस्था शेवटच्या दशकात होती. त्यांच्या आदल्या वर्षी, पुढे मोठा गणितज्ञ झालेला जी. एच. हार्डी चौथा आला होता. परीक्षकांच्या सवयी आणि पेपरातल्या युक्त्या घोटवून घेण्याला तो इतका विटला होता, की गणित सोडून इतिहासाकडे वळण्याच्या बेतात होता. पुढे याच हार्डीने क्रमवारी मोडून काढायच्या मागणीत पुढाकार घेतला. त्याचं म्हणणं होतं, की युरोपात जर्मनी आणि फ्रान्समध्ये नवं गणित घडतं आहे आणि केंब्रिजची हुशार मुलं पेपर वेगाने सोडवायची तालीम करण्यात तीन वर्षं घालवतात. १९०७ मध्ये विद्यापीठाने ठरवलं आणि १९०९ ची यादी ही गुणक्रमाने लागलेली शेवटची यादी ठरली. नंतर वर्ग जाहीर होत राहिले, क्रमांक नाही. खासगी कोचचा धंदा त्यानंतर काही वर्षांतच ओसरला.

शब्द मात्र तोवर नदीकाठी गेला होता. ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या नौकास्पर्धांच्या तालमीत वल्हेकऱ्यांना सूचना देणारा माणूस काठावरच्या वाटेने घोड्यावर बसून नावेबरोबर दौडत जाई आणि ओरडून चुका सांगे. विद्यार्थ्यांनी त्यालाही कोच म्हटलं. १८६० च्या दशकात हा अर्थ खेळांत पक्का झाला आणि तिथून अमेरिकेत गेला. अमेरिकेत आता ती पदवीच झाली आहे; फुटबॉल शिकवणाऱ्या गुरुजींना मुलं नावाने नव्हे, ‘कोच’ अशीच हाक मारतात.

मराठीत ही हाक रुजली नाही. तालमीत वस्ताद असतो, गाण्यात गुरुजी किंवा बुवा आणि मैदानावर ‘सर’. शिवाजी पार्कवर रमाकांत आचरेकर यांना सगळी मुंबई ‘आचरेकर सर’ म्हणत आली. स्टंपवर रुपयाचं नाणं ठेवायचं, बाद करील त्याला ते मिळेल, कुणीच बाद केलं नाही तर फलंदाजाला. आणि स्कूटरवर मागे बसवून सचिन तेंडुलकरला एका सामन्यातून दुसऱ्या सामन्याला न्यायचं, या त्यांच्या गोष्टी मराठी घराघरात ठाऊक आहेत. स्कूटरवरचा तो प्रवास म्हणजे शब्दाचे दोन्ही अर्थ एकाच चाकावर. आचरेकरांना १९९० मध्ये द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला. तो पुरस्कार १९८५ मध्ये सुरू झाला तेव्हा पहिल्याच वर्षीच्या मानकऱ्यांत कुस्तीचे भालचंद्र भागवत होते.

अटलांटिकच्या दोन काठांवर या शब्दाची चालही वेगवेगळी झाली. इंग्लंडमध्ये लांब पल्ल्याची बस म्हणजे कोच; लंडनचं व्हिक्टोरिया कोच स्थानक १९३२ पासून त्याच कामाला आहे. अमेरिकेत रेल्वेत झोपण्याची सोय असलेले पुलमन डबे महाग आणि नुसत्या बैठकीचे ते कोच. १९४८ मध्ये विमान कंपन्यांनी स्वस्त तिकिटं काढली, तेव्हा रेल्वेचाच शब्द उचलला. म्हणून अमेरिकन माणूस ‘कोचने आलो’ म्हणतो तेव्हा तो विमानातल्या सर्वांत स्वस्त रांगेत बसून आलेला असतो. एलिझाबेथ राणीच्या काळात सरदारांखेरीज कुणाला न परवडणारी वस्तू चारशे वर्षांत अशी तळाला आली.

आपल्याकडे या शब्दाला एक जुळा भाऊ भेटला. दिवाणखान्यातला ‘कोच’ वेगळा. तो इंग्रजीत ‘काउच’, फ्रेंचमधल्या आडवं होण्याच्या क्रियापदावरून आलेला. मराठीत आल्यावर दोघांचा उच्चार एक झाला आणि ज्याच्यावर बसायचं तो कोच, ज्याच्यात बसायचं तोही कोच. हिंदुस्तानीने तर ‘कोचमन’मधला इंग्रजी ‘मन’ काढून गाडीवानातला ‘वान’ बसवला आणि ‘कोचवान’ घडवला. मुंबईत व्हिक्टोरियाच्या उंच बैठकीवर बसणारा तो कोचमनच राहिला, २०१५ मध्ये उच्च न्यायालयाने हौसेच्या फेऱ्या मारणाऱ्या त्या घोडागाड्या बेकायदा ठरवेपर्यंत. हार्डवेअरच्या दुकानात आजही ‘कोच स्क्रू’ मागितला की चौकोनी किंवा षट्कोनी माथ्याचा जाड स्क्रू मिळतो. अलीकडे कंपन्यांत ‘लाइफ कोच’ आणि ‘एक्झिक्युटिव्ह कोच’ आले. त्यांची परंपरा टिमथी गॉलवी या टेनिस शिक्षकाच्या १९७४ च्या पुस्तकापाशी जाऊन पोचते.

मराठी मुलखात या शब्दाचे दोन मोठे अर्थ एकाच गावात भेटतात, आणि ते गाव लातूर. ‘लातूर पॅटर्न’मुळे वैद्यकीय आणि अभियांत्रिकी प्रवेशाची तयारी करायला राज्यभरातली मुलं तिथे खोल्या घेऊन राहतात. त्याच लातूरला रेल्वेचा कोच कारखाना उभा राहिला आणि २५ डिसेंबर २०२० रोजी तिथे पहिल्या कोचचा सांगाडा तयार झाला. कारखान्याच्या बातम्या आल्या तेव्हा अनेकांना ते विकासाचं पाऊल वाटलं, आणि ते आहेच. क्लासच्या गल्ल्यांकडे मात्र आपण अपराधी नजरेने पाहतो.

जानेवारी २०२४ मध्ये केंद्रीय शिक्षण मंत्रालयाने कोचिंग केंद्रांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. सोळा वर्षांखालच्या मुलांना प्रवेश नको, रँकची हमी देणाऱ्या जाहिराती नकोत. सूचना योग्यच आहेत. वसतिगृहाच्या खोलीत खचून जाणाऱ्या पोरांचा विचार करणाऱ्या कुणालाही त्या पटतील. तरीही केंब्रिजचा इतिहास वेगळीकडे बोट दाखवतो. तिथे हॉपकिन्सवर, राउथवर कुणी बंदी घातली नाही, त्यांची फी कुणी बांधून दिली नाही. क्रमांकाची यादी होती तोवर कोच होते, आणि त्यांतले काही ग्रीनचा निबंध हातात ठेवणारे थोर शिक्षकही होते. यादी गेली तेव्हा तेही गेले. लातूर म्हणजे केंब्रिज नव्हे हे उघड आहे. इथे वैद्यकीय प्रवेशाच्या एका परीक्षेला देशभरातून वीस लाखांहून अधिक मुलं बसतात आणि जागा त्याच्या काही टक्केच आहेत. खरं दुखणं तिथे आहे. महाराष्ट्रातल्या आईबापांनी आणि धोरण आखणाऱ्यांनी क्लासच्या पाट्या मोजण्याआधी जागा किती वाढल्या आणि एका दुपारच्या पेपरावर मुलाचं किती आयुष्य टांगलं आहे, हे दोन प्रश्न सरकारला विचारावेत.